शिमला-मनालीची सात दिवसांची ग्रुप टूर : पैसे भरण्याआधी काय बघावं?

कातळसडा

नमस्कार मंडळी. राजापूर तालुक्यातून आम्ही सहा जण हिमाचलला जायचं म्हणतोय. आई-बाबा (बाबा ६८, बीपीची गोळी चालू; आईला गुडघ्यांचा त्रास), आम्ही दोघं, मुलगी १२ वर्षांची आणि मुलगा ७. तिकडे जाऊन गाडी, हॉटेल, जेवण यांची जुळवाजुळव करत बसायचं नाही, म्हणून ग्रुप टूरच घ्यायची हे नक्की. एका कंपनीचं पत्रक हातात आहे : 'शिमला-मनाली, ६ रात्री ७ दिवस, चंदिगड ते चंदिगड'. पहिल्या दिवशी शिमला, दुसऱ्या दिवशी कुफ्री आणि मॉल रोड, तिसऱ्या दिवशी मनाली, चौथ्या दिवशी मनाली दर्शन, पाचव्या दिवशी सोलंग-रोहतांग, सहाव्या दिवशी चंदिगड आणि सातव्या दिवशी नाश्ता झाला की निरोप.

घरची कलमं असल्यामुळे एप्रिल-मेमध्ये हलता येत नाही. शेवटचा आंबा कॅनिंगला गेला की सुटका, म्हणजे २२-२३ मेनंतर. पुढे आगोटीची (पावसाआधीची) कामं, मुलांच्या शाळा. त्यामुळे ५-६ जूनला घरात हवंच.

एवढ्या दिवसांत हा कार्यक्रम आई-बाबांना झेपेल का? रोहतांगच्या उंच खिंडीत बाबांना न्यावं का? चंदिगडपर्यंत इकडून कसं जाणं सोयीचं? आणि कंपनीला नेमकं काय विचारून घ्यायचं?

देवदार

तारखा बऱ्या आहेत. मोसमी पाऊस हिमाचलात जूनच्या शेवटच्या आठवड्याच्या सुमारास पोचतो, त्याआधी तुम्ही घरी असाल. जुलै-ऑगस्टची टूर मात्र कोणी अर्ध्या पैशात दिली तरी घेऊ नये. जुलै २०२३ मध्ये आणि परत ऑगस्ट २०२५ मध्ये बियास नदीने मनालीचा रस्ता जागोजागी तोडून नेला होता.

आता पत्रक. 'सात दिवस' हा आकडा विसरा. कागद घ्या आणि रोज बसमध्ये किती तास जाणार ते लिहून काढा. चंदिगड-शिमला सुमारे ११५ किमी, म्हणजे चार तास. शिमला-मनाली अडीचशे किमीच्या आसपास. जेवण-चहा धरून आठ-नऊ तास. मनाली-चंदिगड तीनशे किमी, परत तेवढेच तास. सातवा दिवस तर नाश्त्यालाच संपला. म्हणजे जागेवर पूर्ण दिवस मिळतात तीन, आणि त्यातला रोहतांगचा दिवसही गाडीतच जातो : अंतर एका बाजूचं ५० किमी, पण हंगामात वर पोचायलाच तीन-चार तास लागू शकतात. एवढं कळल्यावर ही टूर घ्यायची तर घ्या, ती वाईट नाही. पण 'सात दिवस आराम' असं आई-बाबांना सांगून नेऊ नका.

दुसरी गोष्ट कोणत्याच पत्रकात नसते, कॅलेंडर समोर ठेवून शोधावी लागते. रोहतांगचा रस्ता देखभालीसाठी मंगळवारी पर्यटकांना बंद असतो. तुमच्या कार्यक्रमात रोहतांग पाचव्या दिवशी आहे. टूर शुक्रवारी सुरू झाली तर पाचवा दिवस नेमका मंगळवार. वर शनिवार-रविवार दिल्ली, पंजाब, हरियाणाच्या गाड्यांनी शिमला-मनाली ठासून भरलेलं. म्हणून रविवारी किंवा सोमवारी चंदिगडहून निघणारी तारीख मागा. रविवारी निघालात तर शिमला सोमवारी, मनाली बुध-गुरुवारी, आणि शुक्रवारी सकाळी गर्दी वर चढत असताना तुम्ही खाली उतरत असाल. त्याच कंपनीची, त्याच पैशातली टूर, पण रस्त्यातले कितीतरी तास वाचतात.

हॉटेलबद्दल 'थ्री स्टार का' हे विचारू नका. 'बस थांबते तिथून रिसेप्शनपर्यंत पायऱ्या किती, लिफ्ट आहे का' हे विचारा. शिमल्यात मॉल रोडवर गाड्यांना बंदी आहे आणि बरीच हॉटेलं उतारावर बांधलेली आहेत. रस्त्यावरून आत शिरावं तर रिसेप्शन सगळ्यात वरच्या मजल्यावर आणि खोल्या खाली, असंही असतं. आईंचे गुडघे चढताना नाही, उतरतानाच जास्त बोलतील. खालच्या कार्ट रोडवरून मॉलवर जायला सरकारी लिफ्ट आहे, तिथे रांग असली तरी चढणीपेक्षा ती बरी.

रूळवाट

जाण्यायेण्याचं सांगतो. रत्नागिरीहून मंगला एक्स्प्रेस सोयीची. रत्नागिरीत सकाळी, तिथून हजरत निजामुद्दीनला साधारण तीस तास. म्हणजे शुक्रवारी सकाळी बसलात की शनिवारी दुपारी दिल्ली. रात्र दिल्लीत काढा आणि रविवारी सकाळची कालका शताब्दी धरा, अकराच्या सुमारास चंदिगड. मंगला निजामुद्दीनला थांबते आणि शताब्दी नवी दिल्लीहून सुटते, ही दोन वेगळी स्टेशनं. त्यामुळे त्याच दिवशीची पुढची गाडी जोडू नका. मंगला तीन तास लेट झाली की सगळी साखळी तुटते.

परतीला उलटा हिशोब. मंगला निजामुद्दीनहून पहाटे सुटते, म्हणून शनिवारी टूर संपली की संध्याकाळपर्यंत दिल्लीत या, रात्र काढा, रविवारी पहाटे बसा, सोमवारी रत्नागिरी. शुक्रवार ते पुढच्या पुढचा सोमवार : घरापासून घरापर्यंत अकरा दिवस. तुमच्या दोन आठवड्यांच्या फटीत अशा एक-दोनच तारखा बसतील, त्या आधी पक्क्या करा.

रिझर्वेशन ६० दिवस आधी उघडतं, सकाळी ८ वाजता. इथे बरेच जण फसतात. हे दिवस तुम्ही चढता त्या तारखेपासून मोजत नाहीत, गाडी मूळ स्टेशनवरून सुटते त्या तारखेपासून मोजतात. मंगला एर्नाकुळमहून आदल्या दिवशी निघते. समजा रत्नागिरीहून २५ मे धरलात, तर गाडी सुटण्याची तारीख २४ मे, आणि बुकिंग २६ मार्चला नाही तर २५ मार्चला उघडेल. मेअखेरीला मुंबईकर गावाहून परतत असतात, पहिल्या काही मिनिटांत स्लीपर आणि थ्री एसी संपतं. एक दिवस उशीर म्हणजे वेटिंग. आणि ऑनलाइन काढलेलं वेटिंगचं तिकीट चार्ट लागल्यावर कन्फर्म झालं नसेल तर आपोआप रद्द होतं, त्यावर गाडीत चढता येत नाही.

परत येताना जून लागला असेल, तर कोकण रेल्वेचं पावसाळी वेळापत्रक कधीपासून आहे तेही बघून ठेवा. ते सुरू झालं की गाड्यांचा वेग कमी करतात आणि वेळा बदलतात.

विमानाने जायचं तर गोव्यातल्या मोपाहून दिल्ली, किंवा मुंबईहून थेट चंदिगड. कंपनीची बस चंदिगडहून किती वाजता हलते ते विचारूनच तिकीट काढा. साधारण दुपारी निघतात, संध्याकाळच्या विमानाने आलेल्यांना शिमला स्वतःच्या खर्चाने गाठावं लागतं. आणि सामानात सुकं खोबरं घेऊ नका, आगीच्या धोक्यामुळे ते विमानात चालत नाही. तेलाचं लोणचं असेल तर हातातल्या बॅगेत नको, चेक-इनच्या बॅगेत.

औषधपेटी

बाबांबद्दल. आकडे आधी नीट बघा, म्हणजे भीतीही उगाच वाटणार नाही आणि निष्काळजीपणाही होणार नाही. शिमला सुमारे २,२०० मीटर, मनाली २,०५० च्या आसपास. उंचीचा त्रास साधारण २,५०० मीटरच्या वर सुरू होतो, म्हणजे मुक्कामाच्या दोन्ही जागा ठीक आहेत. रोहतांग खिंड ३,९७८ मीटर. तिथे हवेचा दाब समुद्रसपाटीच्या जेमतेम ६० ते ६२ टक्के, आणि ऑक्सिजनही त्याच प्रमाणात. आपली माणसं आयुष्यभर समुद्राच्या पातळीवर राहिलेली. त्यांना तिथे चार पावलं भरभर टाकली तरी धाप लागणार. ते प्रत्येकालाच होतं.

रात्री खाली येऊन झोपणार असल्यामुळे गंभीर त्रासाची शक्यता कमी असते, पण वर एक-दीड तासापेक्षा जास्त रेंगाळू नका. डोकं ठणकणं, मळमळ, चालताना तोल जाणं, बसल्या जागी धाप लागणं यातलं काहीही झालं तर इलाज एकच, खाली उतरणं. वाटेत विकायला ठेवलेले ऑक्सिजनचे छोटे डबे काही मिनिटं पुरतात, त्यांच्या भरवशावर वर थांबून राहू नये. आधीपासून घ्यायच्या गोळ्या मिळतात, पण त्या डॉक्टरांना विचारल्याशिवाय घ्यायच्या नाहीत, आणि सल्फाची ॲलर्जी असेल तर ते त्यांना आवर्जून सांगायचं.

बाबांना घरचा जिना चढताना दम लागत असेल, छातीत दुखण्याची कधी तक्रार असेल, तर निघण्याआधी डॉक्टरांकडून ईसीजी आणि स्पष्ट होकार घ्या. थंडीत बीपी वाढतं. काही बीपीच्या गोळ्यांनी लघवी वाढते, त्यात वर तहान कळत नाही आणि शरीर कोरडं पडतं. हा मुद्दाही डॉक्टरांपुढे ठेवा. गोळ्या मोठ्या बॅगेत ठेवायच्या नाहीत. ती बॅग बसच्या टपावर ताडपत्रीखाली बांधलेली असते, रात्री हॉटेलपर्यंत सुटत नाही. दोन-तीन दिवसांच्या जास्तीच्या गोळ्या खांद्यावरच्या पिशवीत हव्यात, कारण दरड पडून रस्ता बंद झाला की तेवढा खोळंबा सहज होतो.

मुलांना गाडी लागते का? कुलूचा रस्ता आता बराच चांगला झालाय, तरी शिमल्याच्या वळणांत बरीच मुलं ओकतात. गोळी निघण्याआधी अर्धा-पाऊण तास, पोट अगदी रिकामं नको आणि पुरी-भाजीने भरलेलंही नको. मोबाइल बघू द्यायचा नाही.

सह्यकडा

माझं मत थोडं वेगळं. आई-बाबा बरोबर असतील तर शिमला सोडा. कुफ्रीत घोड्यावर बसून चिखल-लिदीच्या वाटेने वर जायचं आणि उतरायचं, यात गुडघे दुखणाऱ्या माणसाला काही मिळत नाही. त्याऐवजी मनालीत चार रात्री देणाऱ्या टूरही असतात. हिडिंबा मंदिर (१५५३ सालचं, देवदाराच्या रानातलं लाकडी देऊळ), वसिष्ठचे गरम पाण्याचे झरे, नग्गरचा जुना वाडा, हे सगळं निवांत बघता येतं, आणि एक दिवस नुसतं नदीकाठी बसता येतं.

रोहतांगचाही अट्टहास नको. अटल बोगदा (ऑक्टोबर २०२० पासून सुरू, ९.०२ किमी) पार केला की लाहौलमधलं सिस्सू, मनालीहून ४० किमी. उंची सुमारे ३,१०० मीटर, रोहतांगपेक्षा जवळजवळ नऊशे मीटर कमी. रोहतांगचं परमिट लागत नाही. बोगद्याच्या अलीकडे हिरवी झाडी आणि पलीकडे उघडे डोंगर, हा बदल दहा-पंधरा मिनिटांत दिसतो. बाबांसाठी हेच.

देवदार

सिस्सूबद्दल पूर्ण सहमत. शिमला सोडण्याबद्दल मात्र विचार करा : मग चंदिगड-मनाली एकाच दिवसात नऊ तास, जाताना आणि येताना. शिमल्यात दोन रात्री झाल्या की तो प्रवास तुटतो आणि शरीर थंडीला सरावतं. मुलांना कालका-शिमला गाडीही बघायला मिळेल. १९०३ ची, ९६ किमीची, शंभरावर बोगदे असलेली अरुंद रुळांची गाडी आहे ती, २००८ पासून जागतिक वारशाच्या यादीत. फक्त पत्रकात 'टॉय ट्रेन' लिहिलं असेल तर 'कुठून कुठपर्यंत' हे विचारा. पूर्ण प्रवास पाच तासांच्या वर जातो, म्हणून बऱ्याच टूर एखादाच छोटा टप्पा देतात. मुलं पूर्ण बोगदे मोजायच्या तयारीत असतील तर आधीच सांगून ठेवलेलं बरं.

कुफ्रीच्या दिवशी आई-बाबांना मॉलवर बसवून ठेवा, रिजवरून (मॉललगतच्या मोकळ्या चौकातून) हिमशिखरं तिथेही दिसतात. सकाळी दिसतात बरं का. मेअखेरीला दुपारनंतर ढग चढतात, कधी गडगडाटासह सर येते. त्यामुळे डोंगर बघायचा कोणताही कार्यक्रम दुपारी दोनच्या आधी आटपणारा हवा.

कातळसडा

खूप उपयोगी पडलं, आभार. कंपनीला फोन केला. रविवारची तारीख आहे. रोहतांग 'स्वखर्चाने, स्थानिक टॅक्सीने' म्हणाले. किमान २० जण जमले तरच टूर जाणार. आम्हा सहा जणांना दोन खोल्या, प्रत्येकीत एक जादा गादी. यात काय खाचखळगे आहेत? आणि कपड्यांचं कसं करायचं? आमच्याकडे स्वेटरसुद्धा धड नाहीत.

बारदान

स्थानिक टॅक्सी हे तिथे नेहमीचंच. रोहतांगला रोज जास्तीत जास्त १,२०० गाड्यांना परमिट मिळतं (८०० पेट्रोल, ४०० डिझेल), गुलाबा नाक्यावर ते तपासतात. आपली मोठी बस वर जात नाही. 'परमिट तुम्ही काढणार की टॅक्सीवाला, टॅक्सीचं भाडं गाडीमागे की माणशी, परमिट नाही मिळालं तर त्याच दिवशी सिस्सूला नेणार का' हे तिन्ही प्रश्न विचारा. तिसऱ्याचं उत्तर लेखी घ्या. नाहीतर मनालीजवळच्या सोलंगला नेऊन दिवस भरतात.

किमान संख्येचं कलम सगळ्यांत महत्त्वाचं. वीस जण नाही जमले तर ते टूर रद्द करतात किंवा दुसऱ्या तारखेत घालतात. तुमची रेल्वे तिकिटं तोपर्यंत निघालेली असतात, त्यांचं नुकसान कंपनी भरून देत नाही. 'टूर पक्की झाली हे किती दिवस आधी कळवणार' ही तारीख ठरवून घ्या, आणि आंब्याच्या मोसमामुळे दुसरी तारीख चालणार नाही, पूर्ण पैसे परत हवेत, हेही ई-मेलमध्ये लिहा. फोनवरचं बोलणं सीझनमध्ये कोणाच्या लक्षात राहत नाही. भाव सांगताना जीएसटी धरलाय की वेगळा, रद्द केल्यास कोणत्या तारखेपर्यंत किती टक्के कापणार, हेही त्याच ई-मेलमध्ये.

जादा गादी म्हणजे बहुतेक वेळा जमिनीवर घातलेली गादी. मनालीच्या रात्री १० अंशांच्या आसपास असतात, फरशी गार लागते. आई-बाबांच्या खोलीत तिसरं माणूस मुलगी असू दे, आणि तिला खाली न झोपवता घडीची खाट मागा. हीटरचे पैसे वेगळे असतात का आणि गरम पाणी किती ते किती, तेही आत्ताच विचारा.

बसमध्ये सीट रोज बदलतात का? बदलत असतील तर सर्वांत मागची रांग आईंच्या वाट्याला येऊ नये असं टूर मॅनेजरला पहिल्या दिवशीच सांगा. मागच्या चाकांच्या वर बसून आठ तास म्हणजे कंबर-गुडघ्यांचं वाटोळं.

जेवणाचं : मोठ्या मराठी ग्रुपबरोबर कंपनीचे स्वतःचे महाराज (आचारी) असतात, छोट्या ग्रुपला हॉटेलचं जेवण. वीस-पंचवीस जणांत कोणतं आहे ते विचारा. भातावाचून चालत नसेल तर दोन्हीकडे भात मिळतो, फक्त आपला उकडा नाही. मासे खाणाऱ्यांनी मनालीत ट्राउट जरूर खावा. कुलू खोऱ्यातल्या थंड पाण्यात त्याची शेती होते, पाटलीकूहलला सरकारी केंद्र आहे. ताटात येण्याआधी भाव नगावर की वजनावर ते विचारा.

पागोळी

कपड्यांवर फार खर्च करू नका. तुमच्या घरात सर्वांत वरचा थर आधीच आहे : पावसाळी जॅकेट. रोहतांगवर अंग गार पडतं ते वाऱ्याने, आणि वारा अडवायला आपला चांगला विंडचीटर पुरतो. त्याच्या आत एक लोकरीचा किंवा फ्लीसचा स्वेटर आणि सर्वांत आत थर्मल. आतून सुती बनियन घालू नका. घाम शोषून ओलं राहतं आणि थांबलात की अंगाला गार लागतं. एका जाड कोटापेक्षा हे तीन थर चांगले, कारण शिमल्यात दुपारी कोट काढून हातात धरून फिरावं लागतं. मनालीत मेअखेरीला दुपारी शर्टावरही चालतं.

बर्फातले कोट आणि बूट वाटेतल्या दुकानांतून भाड्याने मिळतात. गाडी थांबली की घाईघाईत उचलू नका : चेन लागते का, शिवण उसवली आहे का आणि बुटाच्या आत ओल आहे का ते हात घालून बघा. ओला बूट पाच मिनिटांत पाय बधिर करतो. बूट एक नंबर मोठे घ्या आणि लोकरी मोज्यांचे दोन जोड आपले न्या. दुकानाचा नंबर फोनमध्ये टिपून ठेवा, परत करताना सगळी दुकानं सारखीच दिसतात. घरचे पावसाळी गमबूट नेऊ नका, त्यांचा तळ बर्फावर घसरतो.

गॉगल सगळ्यांना, मुलांनाही. बर्फावरून परतलेलं ऊन डोळ्यांना भाजतं. आपली कातडी दमट हवेला सरावलेली, तिथे दुसऱ्याच दिवशी ओठ फुटतात आणि नाकात खपली धरते. व्हॅसलिन खिशात ठेवा. खोबरेल तिथे सकाळी बाटलीत दगड होऊन बसतं, त्यामुळे न्यायचं तर रुंद तोंडाच्या डबीत.

औषधपेटी

एक राहिलं. सहाही जणांचं मूळ ओळखपत्र घ्या, मुलांचं आधारही. हॉटेलात प्रत्येक चेक-इनला मागतात. बाबांच्या गोळ्यांची नावं आणि डोस लिहिलेल्या चिठ्ठीचा फोटो टूर मॅनेजरच्या फोनवर पाठवून ठेवा. सिस्सू की रोहतांग हे त्या दिवशी सकाळी ठरवा, आदल्या रात्री बाबांना झोप कशी लागली ते बघून. दोन्हीकडे जाणारी टॅक्सी मनालीहूनच निघते, त्यामुळे घरातले तिघं रोहतांगला आणि तिघं सिस्सूला, असंही करता येतं.